समुद्रावरचं रडार आणि गावाकडचे प्रश्न (वारंवार विचारले जाणारे)

मी मूळचा अमळनेरकडचा, गेली बरीच वर्षं किनाऱ्यावरच्या रडारच्या देखभालीत आहे. दिवाळीला गावी आलो की पारावर, लग्नाच्या मांडवात, एसटीत, सगळीकडे तेच तेच प्रश्न, आणि मी दर वेळी अर्धवट उत्तर देतो कारण समोर शेवभाजी गार होत असते. म्हणून एकदाच सगळं लिहून काढलं. साइट कुठली, कंपनी कुठली ते विचारू नका, सांगता येत नाही आणि त्यात मजा पण काही नाही.

आपला खान्देशमा समुद्र कोठे शे भो? तू तठे काय करस?

ही थट्टा ठरलेलीच. नंदुरबारपासून समुद्र सरळ रेषेत साधारण १६० किमी, जळगावपासून ३०० च्या आसपास, म्हणजे आपल्याकडे समुद्र नाही हे खरंय, पण आपलं पाणी जातं कुठे? मुलताईला उगम पावलेली तापी भुसावळ, प्रकाशा करत करत ७२४ किमी चालून सुरतच्या पुढे खंभातच्या आखातात उतरते, आणि वाघूर, गिरणा, पांझरा सगळ्या तिच्यातच. बुऱ्हाणपूर ते सुरत बंदर हा जुना व्यापारी रस्ता पण आपल्याच अंगणातून जायचा. तेव्हा अगदीच परके नाही आपण.

माझं काम सांगायचं तर, किनाऱ्यावरच्या उंच टॉवरवर एक आडवा लांब दांडा गोल गोल फिरताना दिसतो ना, तो फिरत ठेवायचा. त्याच्या खालची मशिनं, यूपीएस, जनरेटर, एसी, कंट्रोल रूमपर्यंतची लिंक, सगळंच आलं त्यात. स्क्रीनसमोर बसून जहाजांवर नजर ठेवणारे ऑपरेटर वेगळे, मी त्यांचं मशीन सांभाळणारा.

हे पावसाचं रडार तेच ना? मग गारपीट आधी का नाही सांगत?

नाही, ते वेगळं. रावेर-यावलकडे केळी आडवी झाली की लोक माझ्याकडे अशा नजरेनं बघतात जसं काय मीच गारा पाडल्या. हवामान खात्याचं डॉप्लर रडार ढगातले थेंब आणि गारा बघायलाच बनवलेलं असतं. आमचं समुद्रावरच्या बोटी बघतं, आणि आम्हाला तर पाऊस हा कचरा, स्क्रीनवरून पुसून टाकायची गोष्ट. तत्त्व एकच, पण एकाचं धान्य ते दुसऱ्याचं भुसकट.

रडार चालतं कसं, सोप्या भाषेत सांग

रात्रपाळीची लाईट असली की आपण केळीला पाणी भरायला जातो. बॅटरी मारली की लांबवर दोन डोळे चमकतात. कोणत्या दिशेला आहे ते कळतं, अंदाजे किती लांब ते कळतं, जवळ येतंय की लांब जातंय तेही कळतं. पण कुत्रं की कोल्हं की बिबट्या, हे काही कळत नाही. बस, रडार एवढंच आहे. पुढचे सगळे प्रश्न शेवटी याच चमकणाऱ्या डोळ्यांपाशी येतात म्हणून हे डोक्यात ठेवा.

फक्त आमची बॅटरी रेडिओ लहरींची, आणि अंतर अंदाजानं नाही तर घड्याळ लावून मोजतात. लहर गेली, बोटीवर आपटली, परत आली. एक समुद्री मैल म्हणजे १८५२ मीटर, आणि एवढ्या अंतरावरून जाऊन परत यायला लहरीला साधारण १२.३५ मायक्रोसेकंद लागतात. डोळ्याची पापणी लवायच्या आत अशा शेकडो फेऱ्या होतात. दांडा साधारण मिनिटाला २० फेऱ्या मारतो म्हणजे दर ३ सेकंदांनी आख्ख्या समुद्राची नवीन हजेरी.

एक गंमत, रडारचं पहिलं जाहीर प्रात्यक्षिक विमानासाठी नव्हतंच. १९०४ साली जर्मनीत ह्युल्समायर नावाच्या माणसानं कोलोनला ऱ्हाइन नदीच्या पुलावर यंत्र लावून येणारी जहाजं ओळखून दाखवली, तेही नदीवर. पण कोणी विकत घेतलं नाही बिचाऱ्याचं. पुढे दुसरं महायुद्ध आलं तेव्हा सगळ्यांना महत्त्व कळलं.

किती लांबचं दिसतं? आपल्या तोरणमाळवर लावलं तर समुद्र दिसेल का?

हा प्रश्न मला एका नववीतल्या भाच्यानं विचारला आणि मी खरंच कागद घेऊन बसलो. रडारची लहर जवळपास सरळ जाते आणि पृथ्वी गोल, त्यामुळे ताकद कितीही वाढवा, क्षितिजाच्या खाली गेलेलं काही दिसणार नाही. हिशोब सोपाय. अँटेनाची उंची मीटरमध्ये घ्यायची, वर्गमूळ काढायचं, २.२ ने गुणायचं, समुद्री मैल आले. समोरच्या बोटीचं तसंच काढायचं आणि दोन्हीची बेरीज करायची.

अँटेना ४९ मीटरवर असेल तर ७ गुणिले २.२ म्हणजे १५.४. समोर पाण्यापासून जेमतेम १ मीटर वर असलेली छोटी होडी असेल तर तिचे २.२. एकूण १७.६ समुद्री मैल, म्हणजे ३२-३३ किमी. तीच अँटेना, पण समोर ३६ मीटर उंचीचं मोठं जहाज, तर २८.६ मैल, ५३ किमीच्या आसपास. म्हणून टॉवर उंच बांधतात, म्हणूनच कित्येक ठिकाणी जुन्या दीपगृहांवरच सेन्सर बसवलेत, उंची आयती मिळते.

आता तोरणमाळ. उंची ११०० मीटरच्या वर. वर्गमूळ ३३-३४ धरा, ७४ मैल आले, म्हणजे १३५-१४० किमी, मोठ्या जहाजाचे अजून २५ किमी जोडा. आणि तिथून समुद्र १८० किमीच्या पुढे, मधे डोंगर ते वेगळेच. भाचा नाराज झाला, काय करणार.

आणि हे फक्त क्षितिजाचं झालं. अंतर दुप्पट झालं की परत येणारी ताकद अर्धी नाही होत, १६ व्या हिश्शावर येते, कारण लहर जाताना पण पसरते आणि येताना पण. त्यामुळे "अजून थोडी पॉवर वाढवा ना" म्हणणाऱ्याला मी आधी चहा पाजतो आणि मग हा आकडा सांगतो.

पण उन्हाळ्यात लांबलांबचं दिसतं म्हणे, ते काय?

ते मृगजळ. भुसावळला मे महिन्यात ४५ च्या वर पारा गेला की डांबरी रस्त्यावर पाणी दिसतं ना, तसलाच खेळ हवेच्या थरांमुळे रेडिओ लहरींबरोबर होतो. समुद्रावर गरम कोरडी हवा वर आणि दमट हवा खाली असली की लहर त्या थरात अडकते आणि पाण्याला चिकटून लांबवर वाहत जाते. दुसऱ्या महायुद्धात मुंबईच्या रडारवर उन्हाळ्यात थेट अरबस्तानचा किनारा दिसायचा, १००० मैलांहून लांब. ऐकायला भारी, पण ऑपरेटरला डोकेदुखी, कारण लांबचं काहीतरी जवळ असल्यासारखं स्क्रीनवर येऊन बसतं.

ठिपका दिसला, मग जहाज कोणाचं ते कसं कळतं?

रडारवरून नाहीच कळत. त्यासाठी एआयएस. जहाजावर एक डबा असतो, तो सतत व्हीएचएफवर, म्हणजे वायरलेसवर, ओरडत असतो की मी अमुक, माझा नंबर हा, मी इथे आहे, एवढ्या वेगानं इकडे चाललो. चालत्या जहाजाचा डबा वेगाप्रमाणे दर २ ते १० सेकंदांनी बोलतो, नांगर टाकून उभं असेल तर दर ३ मिनिटांनी. प्रत्येकाला ९ आकडी नंबर असतो आणि भारतातल्या जहाजांचा ४१९ नं सुरू होतो, गाडीच्या एमएच १९ सारखंच समजा.

आंतरराष्ट्रीय फेऱ्या करणाऱ्या ३०० टनांवरच्या जहाजांना आणि सगळ्या प्रवासी जहाजांना हे सक्तीचं, २००४ च्या अखेरपासून. शेतातली गोष्ट परत आठवा, बॅटरी मारली, डोळे चमकले, आणि तिकडून आवाज आला "मी आहे रे, गणपत!" हा आवाज म्हणजे एआयएस. कॉम्प्युटर रडारचा ठिपका आणि एआयएसचं नाव जुळवतो आणि स्क्रीनवर ठिपक्याशेजारी नाव, वेग, दिशा सगळं लिहून येतं.

मग एआयएस असताना एवढं महागाचं रडार कशाला फिरवता?

कारण गणपतच आवाज देतोय कशावरून? आणि जो गप्प बसलाय त्याचं काय?

माझ्या मते या सगळ्या धंद्याचं सार इथे आहे, म्हणून जरा लांबवतो. एआयएस हे विश्वासावर चालतं. डबा बंद करता येतो, नाव खोटं टाकता येतं, जागा पण खोटी दाखवता येते. शिवाय एआयएस आपली जागा जीपीएसवरून घेतं आणि जीपीएस कोणी जाम केलं तर प्रामाणिक जहाज पण भलतीकडेच दिसतं. २०२५ च्या जूनमध्ये होर्मुझच्या परिसरात हेच झालं, शेकडो जहाजांच्या जागा बिघडल्या, काही तर नकाशावर जमिनीवर चढलेली दिसत होती. रडारला असं फसवणं अवघड, कारण ते कोणाला विचारतच नाही, स्वतः जाऊन हात लावून येतं.

ज्याच्यावर नुसता ठिपका आहे आणि नाव नाही, तेच ऑपरेटरचं खरं गिऱ्हाईक. नाववाल्यांची शंभर जहाजं स्क्रीनवर असली तरी त्याचं लक्ष त्या एका बिननावाच्या ठिपक्यावर पाहिजे. मग त्याच्यावर कॅमेरा वळवायचा, रात्र असेल तर थर्मल कॅमेरा, सगळी जहाजं ऐकतात त्या वायरलेसच्या चॅनल १६ वर हाक मारायची, कोणी बोललं तर आवाज कोणत्या दिशेनं आला ते दाखवणारं यंत्र पण असतं. एवढं करून उत्तर नाही आलं तर कोस्ट गार्डची बोट.

नाव नसलेलं जहाज काय करू शकतं याचं उदाहरण पावित. एक १००० टनांच्या आसपासचा टँकर, २०११ च्या जूनअखेर ओमानजवळ इंजिनमध्ये पाणी शिरलं, खलाशी सोडून गेले, आणि ते रिकामं जहाज महिनाभर तरंगत तरंगत ३१ जुलैला थेट जुहूच्या वाळूत येऊन रुतलं. सकाळी फिरायला आलेल्या लोकांनी बघितलं. किनाऱ्यावरची रडारची साखळी तेव्हा पूर्ण उभी राहिली नव्हती.

२६/११ नंतर नेमकं काय झालं?

२००८ मध्ये हल्लेखोर कुबेर नावाची मासेमारीची बोट पळवून आले आणि शेवटचा टप्पा रबरी बोटीनं करून कुलाब्याला उतरले. म्हणजे दिसायला ती आपलीच बोट होती, डोळे चमकले असते तरी गणपतच वाटला असता.

त्यानंतर कोस्ट गार्डनं किनाऱ्यावर सेन्सरची साखळी उभी करायला घेतली, पहिल्या टप्प्यात ४६ ठिकाणं, ३६ मुख्य किनाऱ्यावर, ६ लक्षद्वीपला, ४ अंदमान-निकोबारला. दुसऱ्या टप्प्यात अजून ३८. काम भारत इलेक्ट्रॉनिक्सकडे. प्रत्येक ठिकाणी रडार, एआयएस, दिवसा-रात्रीचे कॅमेरे, व्हीएचएफ, हवामानाचं यंत्र. दीपगृह खात्यानं ७४ दीपगृहांवर एआयएसची वेगळी साखळी लावली. आणि हे सगळं एकत्र बघायला नौदलाचं केंद्र गुरुग्रामला, २०१४ पासून. हो, गुरुग्रामला, समुद्रापासून आपल्या जळगावपेक्षा कितीतरी लांब. त्यामुळे मला थट्टेनं विचारणाऱ्यांना मी आता हेच सांगतो.

भारताचा किनारा ७५१६ किमी ना? पुस्तकात तेच आहे

पुस्तक जुनं झालं. नवीन मोजणीत तो ११,०९८ किमी भरला. किनारा वाढला नाही, खाचाखोचा बारकाईनं मोजल्या. स्पर्धा परीक्षावाल्यांनी लिहून घ्या.

मच्छीमारांच्या छोट्या बोटींचं काय करता?

हाच सगळ्यात अवघड भाग. लाकडी किंवा फायबरची बोट, पाण्यात अर्धी बुडालेली, तिच्यावरून परत येणारी लहरच बारीक. लोखंडी जहाज रडारला भिंतीसारखं दिसतं आणि ही बोट लाटेसारखी. त्यात मासेमारीच्या दिवसात एका वेळी अशा शेकडो बोटी बाहेर. २० मीटरपेक्षा मोठ्या मासेमारी बोटींना एआयएस लावावं लागतं, पण बहुतेक बोटी त्याहून लहान.

आता इस्रोच्या तंत्रावर उपग्रहाचे ट्रान्सपाँडर, म्हणजे बोटीवरून संदेश पाठवणारे-घेणारे डबे, देतायत, १ लाख बोटींची योजना, तिचं उद्घाटन ३० ऑगस्ट २०२४ ला पालघरच्या कार्यक्रमात झालं. त्यात मोबाईलचं नेटवर्क नसलं तरी दोन्हीकडून मेसेज जातो, वादळाची सूचना पण मिळते. मच्छीमाराला स्वतःचा फायदा दिसला तरच तो डबा चालू ठेवणार, नुसत्या पोलिसी धाकानं नाही, हे मी बंदरावर चहा पिता पिता ऐकलेलं सांगतोय. एकानं तोंडावर सांगितलं, मासे कुठे मिळतात ते मी आख्ख्या गावाला कशाला दाखवू. आता याला काय उत्तर देणार.

पावसाळ्यात रडार बंद ठेवतात का?

उलट तेव्हाच जास्त लागतं. पण तेव्हा स्क्रीन बघाल तर खळ्यात ज्वारी सांडल्यासारखी दिसते, जिकडे तिकडे ठिपके. लाटांच्या तोंडावरून परत आलेली लहर, तिला सी क्लटर म्हणतात, आणि वरून पावसाचा पडदा.

जुलैमधली एक रात्र आठवते. बाहेर वारा असा की टॉवर हलतोय असं वाटत होतं, मी यूपीएसचा अलार्म बघायला कंट्रोल रूममध्ये गेलो होतो. तिथला जुना ऑपरेटर कपाळाला आठ्या घालून एकाच जागी बोट ठेवून बसलेला. मला तर काहीच दिसेना, सगळीकडे सारखंच सांडलेलं. तो म्हणाला, "बघ, लाट एका फेरीत असते, दुसऱ्या फेरीत नसते. हा तीन फेऱ्या झाल्या तिथेच आहे." चौथ्या फेरीला पण होता, पाचव्याला नाही, सहाव्याला परत, जराशी जागा सोडून. इंजिन बंद पडलेली मासेमारीची बोट निघाली, वाऱ्यानं वाहत चाललेली.

आजची रडारं हेच काम आपोआप करतात. एका फेरीवर भरवसा न ठेवता अनेक फेऱ्या एकमेकांवर ठेवतात, जे टिकतं ते उचलतात. डॉप्लर लावून, म्हणजे परत आलेल्या लहरीतल्या फरकावरून वेग ओळखून, लाटेची हालचाल आणि बोटीची हालचाल वेगळी करतात. आजूबाजूला गोंगाट किती आहे ते बघून ठिपका मानायचा की नाही याची पातळी आपोआप वरखाली होते. पण ही चाळण जास्त बारीक केली की छोटी बोट पण कचऱ्याबरोबर निघून जाते, आणि मोठी ठेवली की स्क्रीन भरून जाते. चाळण किती ठेवायची हे अजूनही माणसाच्या अनुभवावरच.

एक्स बँड, एस बँड काय भानगड आहे?

एक्स बँडची लहर ३ सेंटिमीटरची, चित्र रेखीव, छोटं पण दिसतं, पण पावसात दम लागतो. एस बँडची १० सेंटिमीटरची, पावसातून आरपार जाते, पण चित्र जरा जाड. बऱ्याच ठिकाणी दोन्ही लावतात.

रेखीव म्हणजे किती? चांगल्या १८ फुटी अँटेनाचा झोत अर्ध्या अंशापेक्षा बारीक असतो, ०.४ धरा. तरी १० समुद्री मैलांवर तो झोत १३० मीटर रुंद होतो. त्याच्या आत दोन बोटी शेजारी शेजारी असल्या तर त्या एकच दिसणार.

आधीच्या रडारमध्ये लहर तयार करायला मॅग्नेट्रॉन असायचा, तोच जो मायक्रोवेव्ह ओव्हनमध्ये असतो, त्याचा थोरला भाऊ. २५ किलोवॅटचा एकदम दणका. चालू केल्यावर तीनेक मिनिटं गरम व्हायला थांबा, काही हजार तासांनी बदला. नवीन सॉलिड स्टेट, म्हणजे ट्रान्झिस्टरवाली, रडार काहीशे वॅटवरच चालतात, दणक्याऐवजी लांबलचक सूर लावतात आणि परत आलेला सूर कॉम्प्युटरनं आवळून बारीक करतात. ताकद तेवढीच पोचते, वर वेग पण कळतो. माझ्यासारख्याला फायदा म्हणजे मॅग्नेट्रॉन खांद्यावर घेऊन टॉवर चढायचं काम वाचलं.

कंट्रोल रूममधून जहाज चालवतात का, विमानासारखं?

नाही. व्हीटीएस म्हणजे जहाजांच्या वाहतुकीवर देखरेख. ते माहिती देतात, समोरून कोण येतंय, खाडीत पाणी किती, कोणी कुठे थांबायचं, धोका दिसला तर बजावतात. पण सुकाणू शेवटपर्यंत कप्तानाच्या हातात आणि जबाबदारी पण त्याचीच. दरवाज्यावर उभा राहून "मागे घे, मागे घे, बस" म्हणणारा ट्रकचा क्लीनर असतो ना, त्याच्याइतकंच समजा, फक्त हा क्लीनर एका वेळी चाळीस ट्रक बघतो आणि त्यातले अर्धे ड्रायव्हर त्याची भाषा नीट बोलत नाहीत.

बंदरावरून रडारनं जहाजं बघायची सुरुवात १९४८ ला ब्रिटनमध्ये झाली, आधी आयल ऑफ मॅनवरच्या डग्लसला, मग लिव्हरपूलला, धुक्यामुळे. आपल्याकडे कच्छच्या आखातात दीपगृह खात्याचं मोठं केंद्र आहे, कारण तिथे कच्च्या तेलाचे महाकाय टँकर वाडीनार, सिक्काला येतात. आणि आपल्या तापीच्या तोंडाचं खंभातचं आखात तर अजूनच नाठाळ, भावनगरकडे भरती-ओहोटीत पाण्याचा फरक १० मीटरच्या आसपास जातो, म्हणजे तीन मजली घर. वाळूचे दांडे सरकत असतात, सकाळी जिथून जहाज गेलं तिथे दुपारी पाणीच नाही.

नजर असली म्हणजे अपघात होतच नाहीत असं मात्र नाही. ७ ऑगस्ट २०१० ला मुंबईच्या तोंडाशी एमएससी चित्रा आणि खलिजिया ही दोन जहाजं धडकली, चित्रा कलंडलं, कंटेनर पाण्यात पडून वाटेत तरंगायला लागले, तेल सांडलं आणि मुंबई-जेएनपीटी दोन्हीकडची वाहतूक काही दिवस ठप्प झाली.

बिघाड काय काय होतात? तुला रोज काम असतं का?

मीठ भाऊ, मीठ. आपल्याकडे पंखा दहा वर्षं फिरतो, तिकडे बोल्ट दोन वर्षांत हातात तुकडा होऊन येतो.

एका साइटवर लांबच्या बोटी हळूहळू दिसेनाशा झाल्या, रोज थोड्या थोड्या. सगळे म्हणाले मॅग्नेट्रॉन गेला. नवीन मागवला, बसवला, बिल फुटलं, दोन दिवस बरं वाटलं आणि परत तेच. मी चिडून वेव्हगाईड उघडायला घेतला, म्हणजे रडारपासून अँटेनापर्यंत लहर नेणारी चौकोनी पोकळ नळी, आणि खालचा जोड सैल करताच पाव कप पाणी माझ्या बुटात. वरच्या जोडाचं रबरी वॉशर तडकलेलं होतं, किंमत विचाराल तर एका वडापावची. नळीत कोरडी हवा सोडणारा पंप असतो, तो पण कधीपासून बंद, आणि रजिस्टरमध्ये मात्र रोज "ओके" लिहिलेलं. ते अक्षर माझंच होतं, त्या महिन्यात निम्मे दिवस.

रेडिएशननं काही होत नाही ना? मुलगी द्यायचं बघतायत म्हणून विचारलं

विचारणाऱ्या मामांना सप्रेम नमस्कार. दणका २५ किलोवॅटचा असला तरी तो सेकंदाच्या लाखाव्या हिश्शापेक्षा कमी वेळ असतो, सरासरी काढली तर काही वॅट ते दहा-पंधरा वॅट, म्हणजे एका एलईडी बल्बएवढं, ते पण सतत फिरतं आणि टॉवरवर उंच. एक्स-रे सारखं हे रेडिएशन नाही. तरी आम्ही वर चढताना मेन स्विच बंद करून कुलूप लावतो आणि किल्ली खिशात ठेवतो, कारण खरी भीती त्या फिरणाऱ्या १८ फुटी दांड्याची आहे, लागला तर माणूस खालीच.

पोरगा जहाजावर आहे, मोबाईलवर त्याचं जहाज दिसायचं, कालपासून गायबच आहे. काय करू?

हा फोन मला भुसावळच्या एका काकूंचा रात्री साडेअकराला आला होता, त्यामुळे नीट सांगतो. काकू, घाबरू नका. मरीनट्रॅफिकसारख्या ॲपवर जे फुकट दिसतं ते किनाऱ्यावरच्या एआयएस अँटेनांनी ऐकलेलं असतं. व्हीएचएफ पण क्षितिजापर्यंतच जातं, किनाऱ्यापासून साधारण ४० मैलांच्या पुढे जहाज गेलं की ऐकायला कोणी नाही. उपग्रहावरून ऐकतात पण त्याचे पैसे पडतात. म्हणजे जहाज बुडालं नाही, आवाजाच्या पलीकडे गेलंय. मुंबई सोडून आफ्रिकेकडे निघालं असेल तर आठवडाभर तिथेच अडकलेलं दिसेल आणि मग एकदम मोंबासाजवळ उगवेल.

दुसरं, धोक्याच्या भागात कप्तान मुद्दाम एआयएस बंद करू शकतो, नियमात बसतं ते. २०२३ च्या अखेरपासून लाल समुद्रात जहाजांवर हल्ले सुरू झाल्यावर कितीतरी जण असंच गेले. फारच काळजी वाटली तर पोराला नोकरीवर घेणाऱ्या कंपनीच्या ऑफिसला फोन करा, जहाजाची रोजची जागा त्यांच्याकडे असते. एजंटला करू नका.

एजंट म्हणतो चार लाख भर, जहाजावर लावतो. भरू का?

नको. माझ्या ओळखीतल्या दोन घरांनी कपाशीचे पैसे असेच घालवलेत, हातात एक भारीपैकी छापलेला कागद आणि बंद पडलेला मोबाईल नंबर. खरा रस्ता असा, बारावीला फिजिक्स-गणित घ्या आणि इंडियन मेरीटाईम युनिव्हर्सिटीची प्रवेश परीक्षा द्या. कोस्ट गार्डमध्ये नाविक जनरल ड्यूटीला बारावी फिजिक्स-गणितासह, यांत्रिकला दहावी आणि इलेक्ट्रिकल, मेकॅनिकल, इलेक्ट्रॉनिक्स वगैरेचा डिप्लोमा. माझ्यासारखं काम हवं असेल तर इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा पुरे, धुळे-जळगावला होतो. उंचीची भीती नको. आणि इंग्रजी बोलायला लाजायचं नाही, कारण वायरलेसवर ठरावीक इंग्रजी वाक्यंच चालतात.

एआय आलं की तुमची नोकरी जाणार का?

ऑपरेटरची चिंता थोडी खरी आहे. जहाज विनाकारण समुद्राखालच्या केबलवर थांबलं, रोजचा रस्ता सोडला, दोन बोटी रात्री एकमेकींना चिकटल्या, असलं सगळं कॉम्प्युटर आधी पकडायला लागलाय, त्याला झोप येत नाही. वॉशर बदलायला तो अजून चढत नाही.

पोरांना घेऊन बघायला येऊ का?

रडारच्या खोलीत नाही, माझा सख्खा भाऊ आला तरी नाही. पण बरीच दीपगृहं आता तिकीट काढून बघता येतात, तिथे जा, वरून समुद्र बघितला की उंचीचा हिशोब पोरांना न सांगता कळतो. आणि एवढं लांब नको असेल तर नंदुरबारहून सुरतेची गाडी पकडा, तिथून डुमसच्या किनाऱ्यावर जा. भरतीची वेळ आधी बघून जा मात्र. आमच्या घरचे गेल्या वर्षी ओहोटीला पोचले, समोर नुसता चिखल, आणि आई मला फोनवर विचारते, कारे, समुद्र बंद शे का आज?